पन्नास मीटरवरचा वारा

“हिला वाऱ्याचं काम द्या,” आजोबा म्हणाले. “ही काही बोलत नाही.”

हे ते क्लिपबोर्ड घेतलेल्या बाईंना सांगत होते. मी त्यांच्या मागे दोन पावलांवर मावसबहिणीचं जॅकेट आणि पाण्याची बाटली धरून उभी होते. ते माझे आजोबा नव्हेत. आमच्या अॅथलेटिक्स क्लबचे निकाल लिहिणारे, ऐंशीच्या घरातले, हाफ पँट आणि गुडघ्यापर्यंत मोजे घालणारे गोरे गृहस्थ. मी त्यांना मनात आजोबा म्हणायचे आणि तोंडावर काहीच म्हणायचे नाही, त्यामुळे कधी अडचण आली नाही.

मला राग आला नाही. वर्णन बरोबर होतं.

मी तिथे असण्याचं कारण माझी मावशी. ती, काका आणि त्यांची आठ वर्षांची मुलगी न्यूझीलंडमध्ये अल्बनीला राहतात. त्यांच्याच खालच्या खोलीत मी राहते. मुलगी दर मंगळवारी संध्याकाळी क्लबमध्ये पळायला जाते. इथल्या क्लबांचा नियम असा की मूल पाठवायचं तर घरातल्या एका मोठ्या माणसाने हंगामात काही संध्याकाळी काम करायचं. कोणी लांब उडीच्या खड्ड्यातली वाळू सारखी करतं, कोणी टेप धरतं, कोणी सॉसेज भाजतं. मावशीने त्या यादीत माझं नाव घातलं होतं. मला कळलं ते ईमेल आल्यावर.

“तुला तरी मंगळवारी काय असतं?” ती म्हणाली.

मंगळवारी मला काही नसतं. हे तिला माहीत आहे, हे मला माहीत नव्हतं.

वाऱ्याचं काम म्हणजे असं. धावपट्टीच्या कडेला, शेवटच्या रेषेपासून पन्नास मीटर अलीकडे, तिपाईवर एक यंत्र लावलेलं असतं. शंभर मीटरची बंदूक वाजली की दहा सेकंद ते वारा मोजतं. पाठीमागचा वारा सेकंदाला दोन मीटरपर्यंत असेल तर पळणाऱ्याची वेळ खरी धरतात. त्याहून जास्त असेल तर वेळ फळ्यावर लागते, टाळ्या मिळतात, पण ती विक्रमात धरत नाहीत आणि निवडीतही नाही. माझ्याकडे एक छापील तक्ता होता. दर शर्यतीपुढे वाऱ्याचा आकडा लिहायचा आणि चार-पाच शर्यती झाल्या की तो तक्ता आजोबांच्या पत्र्याच्या खोलीत नेऊन द्यायचा. ते “स्वीट अ‍ॅज” म्हणायचे. इथे त्याचा अर्थ ‘झकास’. मी मान हलवायचे. मला हे काम आवडलं.

नोकरीतही मी हेच करते. पुण्याहून इथे मास्टर्ससाठी आले, नंतर दुधाच्या पावडरीच्या कारखान्यात प्रयोगशाळेत लागले. दिवसभर पावडरीतला ओलावा मोजते. ओलाव्याशी बोलावं लागत नाही.

यंत्राच्या पडद्यावर दशांशचिन्हानंतर दोन आकडे यायचे. तक्त्यातल्या रकान्यात एकच मावायचा. मी शाळेत शिकवलं होतं तसं केलं. शेवटचा आकडा चारपर्यंत असेल तर सोडून द्यायचा, पाच किंवा वर असेल तर पुढे न्यायचा. प्रयोगशाळेतही तेच करतो. कोणी काही सांगितलं नव्हतं आणि मी विचारलं नव्हतं. विचारण्यासारखं त्यात काही आहे असं वाटलंच नाही. मूळ आकडा मात्र कधी टाकून द्यायचा नाही, ही सवय कारखान्याने लावलेली, म्हणून माझ्या एका छोट्या वहीत मी पूर्ण आकडे लिहीत गेले. तारीख, शर्यत, आकडा. ती वही दुसऱ्या कोणी कधी पाहिली नाही.

तिसऱ्या की चौथ्या मंगळवारी ती आली. मुलं घरी गेल्यावर मोठ्यांच्या शर्यती असायच्या, त्यात. कॅरिबियन समुद्रातल्या एका बेटाची, बत्तीस वर्षांची, माझ्यापेक्षा फार उंच नसलेली. ती वॉर्मअप करायला लागली की सॉसेज भाजणारे बाबा चिमटा हातात धरून नुसते बघत राहायचे. मग जळका वास यायचा.

शर्यतीआधी ती चालत माझ्यापर्यंत आली. “काय म्हणतोय वारा, मिस विंड?”

मी पडदा तिच्याकडे वळवला.

“म्हणजे तू सांगणार नाहीस.”

“एक पॉइंट तीन,” मी म्हणाले.

“बघ. आवाज आहे तुला.” आणि ती गेली.

त्यानंतर ती दर वेळी पळून झाल्यावर पन्नास मीटरच्या खुणेपाशी, माझ्या तिपाईशेजारी, गवतावर येऊन आडवी व्हायची. शर्यत इथेच ठरते, असं तिचं म्हणणं होतं. शेवटच्या रेषेवर फक्त जाहीर होते. ती बोलायची आणि मी पडद्याकडे बघत ऐकायचे. आमच्या दोघींच्या सोयीची व्यवस्था होती. तिची सगळी कारकीर्द मी अशी तुकड्यातुकड्यांनी, पुढची बंदूक वाजेपर्यंतच्या वेळात ऐकली.

“आमच्या शाळेच्या भिंतीवर जगाचा नकाशा होता,” ती एकदा म्हणाली. “त्यात आमचं बेट नव्हतं. बाईंनी पेनने काढलं होतं.”

बेटावर मैदान एकच, गवताचं. शर्यतीच्या रेषा गाडीच्या जळक्या ऑइलने आखलेल्या, कारण चुना पावसात जायचा. मोज्यांवर काळे डाग दिसले की आई म्हणायची, रेष ओलांडलीस का. अकरा वर्षांची असताना तिने शाळेतल्या सगळ्या मुलींना हरवलं, बारा वर्षांची असताना मुलांना. मग मुलांना तिच्याबरोबर पळवणं बंद झालं, मुलांच्या मनाचा विचार करून. चौदाव्या वर्षी ज्युनियर संघात. ईस्टरच्या सुट्टीत आजूबाजूच्या सगळ्या बेटांच्या मुलांची स्पर्धा व्हायची. तिच्या बेटाचा संघ एका शाळेच्या वर्गात गाद्या टाकून झोपला. फळ्यावर कोणाचे तरी अपूर्णांक अर्धे सोडवून ठेवलेले होते. तिला रात्रभर झोप आली नाही, म्हणून तिने ते उठून पूर्ण केले. दुसऱ्या दिवशी ती तिसरी आली.

“अपूर्णांक बरोबर आले होते का?” मी विचारलं.

ती उठून बसली आणि माझ्याकडे बघितलं. “इतक्या वर्षांत हे कोणी विचारलं नाही. तिसरी आले त्याबद्दल विचारतात.” मग म्हणाली, “बहुतेक चुकले असतील.”

सतराव्या वर्षाची गोष्ट तिने सांगितली तेव्हा इथली डिसेंबरातली उन्हाळ्याची सुट्टी लागली होती आणि मैदानावर माणसं कमी होती. बेटाची ज्युनियर राष्ट्रीय स्पर्धा. त्या दिवशी ती आयुष्यात पळाली नव्हती इतकी जोरात पळाली. हातातल्या तिन्ही घड्याळांनी एकच वेळ दाखवली. तो बेटाचा विक्रम झाला असता. मोठ्या बायकांचासुद्धा. पण वारा मोजायच्या यंत्राची बॅटरी सकाळीच गेली होती. नवी आणायला गेलेला माणूस दुकान बंद बघून जेवायला गेला होता. वारा मोजला नाही, म्हणून वेळ धरली नाही.

“झाडाचं पानसुद्धा हलत नव्हतं,” ती म्हणाली. “सगळं बेट साक्षीला होतं. पण पानांची साक्ष चालत नाही. माझी सर्वांत वेगवान शर्यत झालीच नाही. कागदावर बघ, नाहीये.”

मी बॅटरी तपासली. भरलेली होती.

“म्हणून मला वाऱ्याची माणसं आवडतात,” ती म्हणाली. “तुम्ही असाल तर मी पळाले होते असं होतं.”

पुढे अमेरिकेतल्या एका थंड गावातल्या कॉलेजने तिला शिष्यवृत्ती दिली. पहिल्या हिवाळ्यात तिला वाटलं डोळ्यांतलं पाणी गोठेल. तिथल्या प्रशिक्षकाने तिचा डावा हात कसा हलतो यावर एक वर्ष घालवलं. मग मोठ्या स्पर्धा. बेटाच्या संघात माणसं चार, त्यामुळे एकदा झेंडा तिच्याकडे आला, एकदा सगळ्यांच्या पासपोर्टची पिशवी.

“जगातल्या सर्वांत मोठ्या तीन मैदानांवर मी गेलेय,” ती म्हणाली. “प्रत्येक ठिकाणी अकरा सेकंद आणि थोडी.”

तिन्ही वेळा ती पहिल्याच फेरीत बाहेर पडली. पहिल्या फेऱ्या सकाळी असतात आणि टीव्हीवर त्या नीट दाखवत नाहीत. तिच्या आईने तिला देशाबाहेर पळताना कधी पाहिलेलं नाही. नुसतं यादीतलं नाव पाहिलं. नंतर ती फिजिओथेरपी शिकायला न्यूझीलंडला आली, राहिली, आणि आता अल्बनीजवळच्या एका निवृत्तांच्या वसाहतीत व्यायाम घेते. तिच्या वर्गातली सर्वांत लहान बाई एकोणऐंशी वर्षांची आहे.

एवढं सगळं संपल्यासारखं झालं होतं, पण पुढच्या वर्षीची मोठी स्पर्धा तिच्या बेटाच्या शेजारच्या बेटावर ठरली. बोटीने दोन तास. आईला बोटीचा त्रास होत नाही. बेटाच्या फेडरेशनचे सचिव म्हणजे तिचे शाळेतले जुने हेडमास्तर, त्यांनी तिला व्हॉट्सअॅपवर कळवलं की शंभर मीटरला एक जागा आहे. मार्च संपायच्या आत साडेअकरा सेकंदांच्या आत पळायचं, वारा नियमात हवा. बेटावर दुसरी कोणी त्या वेळेच्या जवळपासही नव्हती. तिने नाही केलं तर जागा रिकामी जाणार होती.

जानेवारीतल्या एका संध्याकाळी ती ११.४८ पळाली.

मी पडद्याकडे बघत होते, त्यामुळे शर्यत पाहिली नाही. नुसता तिचा श्वास माझ्या समोरून गेला. पडद्यावर आकडा आला, २.०४. मी वहीत २.०४ लिहिलं आणि तक्त्यात २.०. यात मला काहीही वेगळं वाटलं नाही. त्या संध्याकाळी मी असे नऊ आकडे लिहिले होते.

ती गुडघ्यांवर हात टेकत परत माझ्यापर्यंत आली. “वारा?”

“दोन.”

“दोन की दोनच्या वर?”

“दोन पॉइंट झिरो.”

ती गवतावर पडली आणि बराच वेळ उठली नाही. पत्र्याच्या खोलीतून आजोबा बाहेर आले. ते स्पर्धेच्या मध्ये कधीच बाहेर येत नाहीत. त्यांनी तिच्या बाजूला वाकून काहीतरी सांगितलं आणि माझ्या खांद्यावर थोपटून गेले. मी काय केलं होतं? पण थोपटल्याचं मला बरं वाटलं, हेही लिहायला हवं.

घरी मावसबहिणीने सगळ्यांना तिची वेळ सांगितली. मावशीने तिला ताबडतोब जेवायला बोलावलं. म्हणजे मला बोलवायला सांगितलं. मी टेक्स्ट केला.

ती रविवारी दुपारी आली, डब्यात नारळाचा केक घेऊन. मावशीने मसालेभात, भरली वांगी आणि श्रीखंड केलं होतं. श्रीखंडाचा चक्का सँडरिंगहॅमच्या भारतीय दुकानातून आणण्यासाठी काका गाडी घेऊन हार्बर ब्रिजपलीकडे गेले होते. अल्बनीतल्या दह्याला मावशीचा विरोध आहे. पाहुणी निवांत जेवली. वांग्याचा देठ खायचा नसतो हे कोणी तिला सांगितलं नाही, तिने खाल्ला.

मग मावशी आत गेली आणि तबक घेऊन बाहेर आली. निरांजन, कुंकू, अक्षता, सुपारी, सगळं होतं.

“मावशी, नको ना,” मी म्हणाले.

“का नको? एवढ्या मोठ्या कामाला निघालीये पोरगी. असंच पाठवायचं?”

“ती पुढच्या वर्षी जाणारे.”

“मग पुढच्या वर्षी परत ओवाळू. कुठे तेल संपतंय? तिला सांग पूर्वेकडे तोंड करून बस.”

पाट नव्हता. काकांनी फोनवर कंपास काढला आणि बार स्टूल पूर्वेकडे वळवला. ती स्टूलवर ताठ बसली. मावशीने तिला कुंकू लावलं, डोक्यावर अक्षता टाकल्या, ओवाळलं, तोंडात साखर घातली आणि हातात नारळ दिला. पाहुणीने दोन्ही हातांनी धरला, झेंड्यासारखा.

“आमच्याकडे चर्चमध्ये तेल लावून प्रार्थना करतात,” ती नंतर मला म्हणाली. “एक तास लागतो. तुमचं लवकर आटोपतं.”

जाताना तिने विचारलं की नारळ फोडायचा की ठेवायचा. मावशी म्हणाली, “तू येशील ना जिंकून, तेव्हा फोड.” मी हे भाषांतर करताना ‘जिंकून’ गाळलं. पहिल्या फेरीत बाहेर पडायची तिला सवय होती, उगाच ओझं नको.

मार्चच्या सुरुवातीला आजोबांनी मला अधिकाऱ्यांच्या प्राथमिक परीक्षेला बसायला सांगितलं. ऑनलाइन, सोपी, पास झाल्यावर बिल्ला मिळतो. त्यांनी पुस्तिका दिली. मी ती कारखान्यात जेवणाच्या सुट्टीत वाचली. वाऱ्याचं पान तिसरं. त्यात लिहिलं होतं की पाठीमागच्या वाऱ्याचा दुसरा दशांश शून्य नसेल, तर आकडा नेहमी वरच्या दशांशाकडे न्यायचा. कितीही छोटा असला तरी. एक असला तरी.

मी ते वाक्य चार वेळा वाचलं. मग डब्यातली पोळी संपवली, कारण सुट्टी संपायला सात मिनिटं होती.

२.०४ म्हणजे २.१. २.१ म्हणजे नियमाबाहेर.

त्या संध्याकाळी मी वही काढली. हंगामात मी एकसष्ट आकडे चुकीचे लिहिले होते. त्यांतल्या साठांनी कोणाचं काहीच बिघडत नव्हतं. एक तर माझ्या मावसबहिणीच्या शर्यतीचा होता, ज्यात ती सहावी आली होती आणि एका पायात जँडल, म्हणजे रबरी चप्पल, घालून पळाली होती. उरला एक. यंत्र पुढच्या शर्यतीला मागचा आकडा पुसतं. तक्त्यावर माझा २.० आणि खाली आजोबांची सही. २.०४ फक्त माझ्या वहीत होता, पेनने. मी ती वही बॅगेत न ठेवता उशीखाली ठेवली, ज्याचा काही उपयोग नव्हता.

पुढच्या मंगळवारी मी आजोबांकडे तक्ता द्यायला गेले आणि निघाले नाही.

“हं?” ते म्हणाले.

“समजा एखादा जुना आकडा,” मी म्हणाले, “नियम माहीत नसल्यामुळे कोणी वेगळ्या पद्धतीने लिहिला असेल. तर काय करतात?”

आजोबांनी चष्मा काढला, पुसला, परत घातला. त्यांनी चाळीस वर्षं जमिनींची मोजणी केली आहे. आकड्यांबद्दल कोणी सहज विचारत नाही, हे त्यांना कळतं.

“सही झालेला तक्ता म्हणजे निकाल,” ते म्हणाले. “यंत्र खोक्यात गेलं की वारा गेला.”

“पण आकडा जर...”

“पोरी, प्रश्न पूर्ण विचारलास तर मला उत्तर पूर्ण द्यावं लागेल. आणि मग फोन करावे लागतील. आधी ठरव विचारायचाय का.” त्यांनी थर्मासमधला चहा झाकणात ओतून माझ्यापुढे सरकवला. मी तो प्यायले. त्यात साखर नव्हती. मी प्रश्न पूर्ण केला नाही.

घरी मात्र मावशीला सांगितलं. ती मेथी निवडत होती, मी तिच्यासमोर बसले आणि सुरुवातीपासून सांगितलं. तिने मध्ये एकदाही थांबवलं नाही. हे तिच्या बाबतीत घडत नाही, म्हणून मला आशा वाटली.

“चार शतांश,” ती शेवटी म्हणाली. “अगं, फुंकर तरी असते का तेवढी?”

“फुंकर नसते. पण नियम तसा आहे.”

“तुला कोणी सांगितलं होतं का नियम?”

“नाही.”

“मग चूक त्यांची. शिकवलं नाही त्यांनी. आणि तू आता बोललीस तर चौकशी, मग नाव, मग ईमेल. तुझी रेसिडेन्सी अजून व्हायचीये.”

“मावशी, इमिग्रेशनला वाऱ्याचं काय पडलंय?”

“त्यांना कशाचंही पडलेलं असतं.” तिने मेथीचे देठ बाजूला लोटले. “आणि मी तिला ओवाळलंय.”

“म्हणून काय?”

“म्हणून काय म्हणजे? ओवाळून झालेल्या माणसाला परत बोलावतात का, थांब गं, वारा जास्त होता म्हणून?”

काका सोफ्यावरून म्हणाले, “दोन पॉइंट झिरो फोर म्हणजे इंजिनियरिंगमध्ये दोनच.”

“तुम्ही गप्प बसा,” मावशी म्हणाली, “तुमच्या बाजूनेच बोलतेय मी.” मग बऱ्याच वेळाने, जुडी संपल्यावर, माझ्याकडे न बघता म्हणाली, “तिच्या आईला माहितीये का, मुलगी येणार म्हणून?”

“माहितीये. सगळ्या गावाला सांगितलंय त्यांनी.”

मावशी मेथी धुवायला उठली.

मी काही दिवस हिशेब करत राहिले. गप्प राहिले तर कोणालाही कधीच कळणार नाही. ती जाईल, अकरा सेकंद आणि थोडी पळेल, आई बघेल. दुसऱ्या कोणाची जागा जात नव्हती. गप्प राहायचं कारण कुठल्याही बाजूने तपासलं तरी चांगलं होतं. फक्त एक गोष्ट त्यात बसेना. तिच्या सर्वांत वेगवान शर्यतीला पानं साक्षीला होती आणि ती तिने कधी आपली म्हणून सांगितली नव्हती. झालीच नाही, असंच म्हणायची. वारा मोजला नव्हता, एवढ्यासाठी. आता तिच्या नावावर एक शर्यत होती जी मोजली होती आणि खोटी होती, आणि हे तिला सोडून आमच्या घरात सगळ्यांना माहीत होतं.

त्यातच मार्च संपत आला. शेवटच्या शनिवारी शहराच्या दक्षिणेला एक स्पर्धा होती. त्यानंतर सोमवारी हेडमास्तर नावं पक्की करणार होते. त्या शनिवारी ती पळून पुन्हा साडेअकराच्या आत आली तर जानेवारीतली वेळ कशीही असली तरी बिघडत नव्हतं. बुधवारी रात्री मी तिला टेक्स्ट केला, शनिवारी जाणार आहेस ना. उत्तर आलं: नाही, मांडी थोडी ओढल्यासारखी वाटतेय, वेळ तर झालीच आहे, कशाला धोका. शेवटी नारळाचं चित्र.

गुरुवारी ती सरावाला मैदानावर असते, म्हणून मी कारखान्यातून लवकर निघाले. बसमध्ये मी तिला सांगायचं वाक्य तयार केलं. पहिल्यांदा ते चार ओळींचं झालं, त्यात ‘मला फार वाईट वाटतंय’ दोनदा होतं. ते काढलं. मग ‘कदाचित’ काढलं. बस स्टेशनवर उतरले तेव्हा एकच ओळ उरली होती, पण तिच्यात माझी चूक आलीच नव्हती. आकडा आपोआप बदलल्यासारखा वाटत होता. ती परत घातली.

ती मैदानावर एकटीच होती. पन्नास मीटरच्या खुणेपाशी मांडीवर बर्फाची पिशवी बांधून बसली होती. यंत्र नव्हतं, गुरुवारी ते खोक्यात असतं. मला बघून तिला नवल वाटलं.

“आज कसला वारा, मिस विंड?”

मी तिच्याशेजारी गवतावर बसले. कपडे कामावरचे होते आणि गवत ओलं होतं.

“आईने नवा ड्रेस शिवायला टाकलाय,” ती म्हणाली. “पिवळा. मी म्हटलं, आई, स्टेडियममध्ये पन्नास हजार माणसं असतात. ती म्हणते, म्हणूनच पिवळा, म्हणजे तुला दिसेन.” ती हसली. “पळताना मी कुठे बघते? पण सांगितलं नाही तिला.”

मी वही काढली आणि जानेवारीचं पान उघडून तिच्या हातात दिलं. तिने ते वाचलं, मग पान उलटून बघितलं, मग परत वाचलं. तिला कळलेलं नव्हतं. २.०४ म्हणजे तिलाही दोनच वाटत होते, जगातल्या जवळपास सगळ्यांना वाटतात तसे.

“हे काय आहे?” ती म्हणाली.

वही असं सगळं सांगेल आणि मला काही म्हणावं लागणार नाही, असं मला बसमध्ये कुठेतरी वाटलं होतं. ती माझ्या तोंडाकडे बघत होती. बर्फाची पिशवी ठिबकत होती. शनिवारला दोन दिवस होते, मांडीला तेवढे पुरतील की नाही मला माहीत नव्हतं, आणि मी आणखी उशीर केला असता तर दीडच उरला असता.

“जानेवारीतला वारा दोन पॉइंट एक होता,” मी म्हणाले. “मी चुकीचा लिहिला. तुझी वेळ धरता येत नाही. शनिवारी तुला पळावं लागेल.”